कंपनी वाचवायला काढलेला पिक्चर इंडोनेशियाचा क्लासिक ठरला

इंडोनेशियात ३० मार्चला राष्ट्रीय चित्रपट दिन असतो. पण ही ना कुणाची जयंती, ना कुठल्या पिक्चरची रिलीज डेट. १९५० साली या दिवशी 'दाराह दान दोआ' या पिक्चरचं शूटिंग सुरू झालं होतं, एवढंच.

मग त्याचं एवढं कौतुक का?

कारण डायरेक्टर इंडोनेशियन, कंपनी इंडोनेशियन आणि गोष्टही स्वातंत्र्यलढ्यातल्या इंडोनेशियन सैनिकांची. हे जमवून आणणारा माणूस म्हणजे उस्मार इस्माईल.

त्यांचा जन्म १९२१ चा, पश्चिम सुमात्रातल्या बुकिटिंग्गीचा. देश जपानच्या ताब्यात असताना त्यांनी नाटकं केली. पुढे पत्रकार झाले, तेव्हा डचांनी तुरुंगात टाकलं. १९४९ मध्ये डचांच्या स्टुडिओत दोन पिक्चर केले, पण तिथं मनासारखं काम करता येईना. म्हणून त्यांनी 'पर्फिनी' ही स्वतःची कंपनी काढली.

१९५४ चा 'लेवात जाम मालाम' तर थेट दुखऱ्या नसेवर बोट ठेवणारा. स्वातंत्र्यासाठी लढलेला तरुण घरी येतो आणि बघतो तर काय, जुने साथीदार भ्रष्टाचारात बुडालेले. पिक्चर गाजला, पण नुसत्या कौतुकावर कंपनी चालत नाही.

त्यात थिएटरं हॉलिवूडच्या आणि आपल्या भारतातून येणाऱ्या पिक्चरनी भरलेली. पर्फिनी कर्जात रुतली.

तेव्हा उस्मार यांनी वेगळी वाट धरली. तीन बहिणी, थोरलीच्या लग्नाची काळजी लागलेली आजी आणि भरपूर गाणी असा 'तिगा दारा' १९५७ मध्ये आला आणि तुफान चालला. पण एका हिटनं धंद्याची अडचण संपली नाही. २ जानेवारी १९७१ रोजी, वयाच्या अवघ्या ४९ व्या वर्षी, उस्मार गेले.

त्यांचे पिक्चर मात्र परत आले. 'लेवात जाम मालाम'ची खराब झालेली प्रिंट दुरुस्त करून २०१२ मध्ये कान फेस्टिव्हलला दाखवली. २०१६ मध्ये 'तिगा दारा' नव्या रूपात थिएटरात लागला. २०२१ मध्ये सरकारनं उस्मार यांना राष्ट्रीय वीर जाहीर केलं.

आज इंडोनेशियात देशी हॉरर पिक्चरलाही ९० लाखांहून जास्त प्रेक्षक मिळतात. आपल्या माणसांची गोष्ट आपल्याच पडद्यावर दिसावी, आणि लोकांनी ती तिकीट काढून बघावी, ही लढाई उस्मार यांनी ७० वर्षांपूर्वी सुरू केली होती.