नकाशा कोणासाठी?

नकाशा म्हणजे भूमीचे निर्विकार चित्र, हा शाळेपासून रुजलेला समज जेम्स रेनेल याच्या चरित्राने डळमळीत होतो. १७४२ साली इंग्लंडमध्ये जन्मलेला हा आरमारी तरुण पुढे ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत शिरला. १७६५ साली कंपनीला बंगालची दिवाणी मिळाली आणि १७६७ साली रेनेल बंगालचा पहिला सर्व्हेयर जनरल झाला. हा योगायोग नव्हे. सारा वसूल करावयाचा, फौजा हलवावयाच्या, तर नद्या आणि रस्ते कागदावर हवेतच. मोजणीच्या कामावर असता १७६६ साली संन्याशांशी झालेल्या चकमकीत तो जबर जखमी झाला. तरी काम थांबले नाही.

१७८२ च्या त्याच्या हिंदुस्थानच्या नकाशावर एक चित्र आहे: पंडित आपले धर्मग्रंथ ब्रिटानियाच्या स्वाधीन करीत आहेत. त्याच वर्षी कंपनी सालबाईला मराठ्यांशी तह करून जिंकलेली वसई परत देत होती! रणांगणावर न मिळालेले स्वामित्व कागदाने आधीच बहाल केले होते.

रेनेल १८३० साली वारला. त्याची मोजणी कसोशीची होती, हे मान्यच केले पाहिजे. परंतु वर्गात नकाशा टांगताना तो कोणी आणि कोणासाठी काढला, हा प्रश्नही विद्यार्थ्यांपुढे टांगला पाहिजे.