डॉ. कमला सोहोनी : बटाट्याच्या पेशीपासून गरिबाच्या ताटापर्यंत



आपल्याकडे शाळा उघडून दोन-तीन दिवस होतात न होतात तोच १८ जून येतो. नवी पुस्तकं वाटणं, पटनोंदणी, पोषण आहाराची नोंद या गडबडीत तो दिवस तसाच निघून जातो. त्या दिवशी डॉ. कमला सोहोनी यांची जयंती असते. परिसर अभ्यासात आपण पिष्टमय पदार्थ, प्रथिने, स्निग्ध पदार्थ, जीवनसत्त्वे असे अन्नघटक शिकवतो. एका मराठी बाईने आपलं आयुष्य त्याच घटकांच्या अभ्यासात घालवलं. पण तो अभ्यास सुरू करायला मिळावा म्हणून तिला आधी दारात बसावं लागलं. आजचा पाठ त्यांच्याविषयी.

बालपण आणि शिक्षण

कमला भागवत यांचा जन्म १९११ साली इंदूरला झाला. घर शिकलेलं. वडील नारायणराव आणि काका माधवराव दोघेही रसायनशास्त्रज्ञ, आणि दोघेही बंगळूरच्या टाटांच्या विज्ञान संस्थेत शिकलेले. ज्येष्ठ लेखिका दुर्गाबाई भागवत या कमलाताईंच्या थोरल्या बहीण. अशा घरातल्या मुलीने रसायनशास्त्र घेतलं यात नवल नव्हतं. १९३३ मध्ये मुंबई विद्यापीठातून त्या बी.एस्सी. झाल्या, त्याही पहिल्या क्रमांकाने. पुढे वडील आणि काका ज्या संस्थेत शिकले तिथेच जायचं असं त्यांनी ठरवलं आणि अर्ज पाठवला.

दार बंद

संस्थेचे संचालक होते सर सी. व्ही. रामन. १९३० चं नोबेल पारितोषिक मिळालेले, सगळ्या देशाला अभिमान वाटावा असे शास्त्रज्ञ. त्यांनी अर्ज नाकारला. कारण गुण कमी हे नव्हतं, अर्जदार मुलगी आहे हे होतं. संशोधन हे बायकांचं काम नाही असं त्यांचं मत होतं.

वडील आणि काकांनी विनंती करून पाहिली, उपयोग झाला नाही. मग कमला स्वतः बंगळूरला गेली. तो काळ गांधीजींच्या चळवळीचा. तिने संचालकांच्या कार्यालयापुढे सत्याग्रह केला आणि नकाराचं खरं कारण विचारलं. शेवटी प्रवेश मिळाला, पण अटी घालून. पहिलं वर्ष तिला नियमित विद्यार्थिनी मानायचं नाही. संचालकांची खात्री पटेपर्यंत तिच्या कामाला मान्यता नाही. आणि तिच्यामुळे पुरुष सहकाऱ्यांचं लक्ष विचलित होता कामा नये.

पालकहो, इथे जरा थांबू या. विद्यापीठात पहिल्या आलेल्या मुलीला सांगितलं गेलं, की वर्षभर काम कर, ते मोजायचं की नाही हे आम्ही नंतर बघू. कमलाने अटी मान्य केल्या, कारण नाही म्हटलं असतं तर दार कायमचं बंद झालं असतं. पण हा अपमान त्या शेवटपर्यंत विसरल्या नाहीत. उतारवयात झालेल्या सत्कारातही त्यांनी तो बोलून दाखवला.

संस्थेत श्रीनिवासय्या हे गुरू त्यांना चांगले लाभले. त्यांच्या हाताखाली कमलाने दूध, डाळी आणि कडधान्यं यांतल्या प्रथिनांवर काम केलं. वर्ष संपलं तेव्हा रामन यांना तिच्या कामाची दखल घ्यावीच लागली, आणि पुढे संस्थेचं दार इतर मुलींसाठीही उघडलं. १९३६ मध्ये कमलाने एम.एस्सी. पदवी विशेष प्रावीण्यासह मिळवली.

केंब्रिज आणि बटाटा

पुढे शिष्यवृत्ती मिळवून त्या इंग्लंडला केंब्रिजला गेल्या. जीवनसत्त्वांच्या शोधासाठी नोबेल मिळालेले फ्रेडरिक हॉपकिन्स यांची ती प्रयोगशाळा. आधी डेरेक रिक्टर यांच्याकडे आणि ते दुसरीकडे गेल्यावर रॉबिन हिल यांच्याकडे त्यांनी काम केलं. हिल यांचा विषय वनस्पतींच्या पेशी. कमलाताईंच्या हाती आला आपला रोजचा बटाटा.

आता थोडं पेशीविषयी. पेशीत तंतुकणिका असतात हे आपण शिकवतो. अन्नातली ऊर्जा पेशीला वापरता येईल अशा रूपात तिथे मिळते. तंतुकणिकेला दोन पातळ पटलं असतात. ही पटलं मुख्यतः मेद आणि प्रथिने यांची बनलेली. मेद पाण्यात विरघळत नाही, म्हणून तर आतलं आत आणि बाहेरचं बाहेर राहतं. आतल्या पटलावर इलेक्ट्रॉन एका रेणूकडून दुसऱ्याकडे दिले जातात, विहिरीपासून घरापर्यंत रांगेत उभं राहून घागरी द्याव्यात तसे. रांगेच्या शेवटी ऑक्सिजन असतो. आपण श्वास घेतो तो यासाठीच. या रांगेतला एक छोटासा, लोहयुक्त प्रथिनाचा गडी म्हणजे सायटोक्रोम सी.

कमलाताईंनी बटाट्यावर काम करताना दाखवलं, की हा सायटोक्रोम सी वनस्पतींच्या पेशींतही आहे. म्हणजे माणूस, जनावर आणि शेतातलं रोप यांच्या पेशी ऊर्जा मिळवताना एकाच प्रकारची सामग्री वापरतात.

हे सगळं काम त्यांनी साधारण चौदा महिन्यांत संपवलं. त्यांचा प्रबंध फक्त चाळीस पानांचा होता. १९३९ मध्ये त्यांना पीएच.डी. मिळाली. विज्ञानात ही पदवी मिळवणाऱ्या सुरुवातीच्या भारतीय स्त्रियांमध्ये त्यांचं नाव घेतलं जातं.

सायटोक्रोम सीचा अभ्यास पुढेही चालूच राहिला. आतल्या पटलात कार्डिओलिपिन नावाचा एक खास मेद असतो, तो सायटोक्रोम सीला पटलाशी धरून ठेवतो. पेशी निकामी झाली की ही पकड सुटते, सायटोक्रोम सी तंतुकणिकेबाहेर पडतो आणि पेशी स्वतःला संपवण्याची प्रक्रिया सुरू करते. हे १९९० च्या दशकात कळलं. कर्करोगाच्या संशोधनात आज या प्रक्रियेला फार महत्त्व आहे.

परत मायदेशी

त्यांना तिकडे राहता आलं असतं, पण त्या १९३९ मध्येच परतल्या. आधी दिल्लीच्या लेडी हार्डिंग महाविद्यालयात जीवरसायनशास्त्र विभागाच्या प्रमुख झाल्या, मग कुन्नूरच्या पोषण संशोधन प्रयोगशाळेत गेल्या. १९४७ मध्ये मा. वि. सोहोनी यांच्याशी लग्न झालं आणि त्या मुंबईला आल्या. तिथल्या विज्ञान संस्थेत त्यांनी जीवरसायनशास्त्र शिकवलं आणि विद्यार्थ्यांकडून संशोधन करून घेतलं.

विषय निवडताना त्यांची नजर गरिबाच्या ताटावर असायची. वालासारख्या कडधान्यांत एक घटक असतो, तो आपल्या पोटातल्या ट्रिप्सिन या विकराला अडवतो. त्यामुळे प्रथिनं खाल्ली तरी नीट पचत नाहीत. हे घटक त्यांनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी वेगळे करून तपासले. असे घटक उष्णतेने बऱ्याच अंशी निकामी होतात. आपल्या आया-आज्या कडधान्य भिजवून, मोड आणून, चांगलं शिजवून का देतात, त्यामागचं एक कारण हे आहे. उदगीरच्या मोंढ्यात तुरीची, हरभऱ्याची पोती आपण रोज बघतो. आपल्या मुलांना तर हा पाठ घरचाच वाटायला हवा.

दुसरं मोठं काम नीरेचं. ताड किंवा शिंदीच्या झाडाचा, न आंबलेला ताजा रस म्हणजे नीरा. राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या सूचनेवरून त्यांनी तिचा अभ्यास केला. नीरेत जीवनसत्त्वे आणि लोह चांगल्या प्रमाणात आहे आणि गूळ केला तरी त्यातलं बरंच टिकतं, असं त्यांना आढळलं. कुपोषित आदिवासी मुलं आणि गरोदर स्त्रिया यांना नीरा दिल्यावर त्यांच्या तब्येतीत सुधारणा दिसली. या कामासाठी त्यांना राष्ट्रपती पुरस्कार मिळाला. आरे दूध प्रकल्पालाही दुधाच्या गुणवत्तेबाबत त्यांनी सल्ला दिला.

पुढे त्या मुंबईच्या विज्ञान संस्थेच्या संचालक झाल्या. मात्र त्या पदाची पात्रता असूनही त्यांना चार वर्षं वाट बघावी लागली. ग्राहकांना मार्गदर्शन करणाऱ्या संस्थेच्या स्थापनेतही त्यांचा वाटा होता. १९९८ मध्ये दिल्लीत भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेने त्यांचा सत्कार ठेवला होता. त्याच समारंभात त्या कोसळल्या आणि थोड्याच दिवसांत त्यांचं निधन झालं.

वर्गात काय करता येईल?

१. कागदावर शेंगदाणा चोळा आणि कागद उजेडात धरा. पारदर्शक डाग दिसतो. हाच तो स्निग्ध पदार्थ.

२. पेल्यात पाणी घेऊन त्यात थोडं तेल टाका, ढवळा, थांबा. तेल वेगळं होऊन वर येतं. पेशीचं पटल मेदाचं का, हे वरच्या वर्गाला इथून सांगता येतं.

३. बटाट्याच्या फोडीवर शिक्षकांनी स्वतः आयोडीनचा थेंब टाकावा. निळा-काळा रंग आला की पिष्टमय पदार्थ ओळखता येतो.

४. शेवटी कमलाताईंची गोष्ट सांगा आणि विचारा, पहिल्या वर्षी तुमचं काम मोजणार नाही असं कुणी म्हटलं तर तुम्ही काय कराल? मुलांनाही विचारा, मुलींनाही. उत्तरं वहीत लिहून घ्या.

पालकांना एक विनंती. दहावीनंतर मुलाला सायन्सला लातूरला पाठवायचं हे आपण आधीच धरून चालतो. मुलीच्या बाबतीत मात्र बघू, आधी मार्क तर पडू दे, असं म्हणतो. अट फक्त तिलाच का, एवढं एकदा घरी बसून बोला.

वर्गात हा पाठ घेतलात तर मुलांची उत्तरं आम्हाला नक्की कळवा.