राजा होता होता राहिलेला खासदार

डोळे अधू म्हणून सैन्यानं तुम्हाला नाकारलं, तर काय कराल? गपचूप घरी याल. ऑब्रे हर्बर्टनं काय केलं बघा. ऑगस्ट १९१४. आयरिश गार्ड्‌सची पलटण लंडनहून फ्रान्सच्या लढाईवर निघाली होती. या पठ्ठ्यानं त्यांच्यासारखाच गणवेश मिळवला आणि पलटण बाहेर पडताना चक्क रांगेत घुसला! तेव्हा तो चौतीस वर्षांचा होता, ब्रिटिश संसदेत खासदार होता आणि त्याला जेमतेम दिसायचं.

वडील कार्नार्वनचे चौथे अर्ल. तुतनखामेनची कबर शोधायला पैसा पुरवणारा पाचवा अर्ल हा त्याचा सावत्र भाऊ. म्हणजे बड्या घरचं पोर. पण हा ऑक्सफर्डला असताना इमारतींच्या छपरांवर चढायचा. पुढे तुर्कस्तान, अल्बानियात मनसोक्त भटकला, तुर्की शिकला, अल्बेनियन शिकला.

फ्रान्समध्ये तो जखमी झाला, जर्मनांच्या हाती लागला, सुटलाही. मग १९१५ मध्ये गॅलिपोली. मे महिन्यात तुर्कांचा मोठा हल्ला फसला आणि दोन्ही खंदकांमधल्या जमिनीवर हजारो प्रेतं पडून राहिली. उन्हाळा, दुर्गंधी. प्रेतं पुरण्यासाठी तह व्हावा म्हणून हर्बर्ट वरिष्ठांच्या मागे लागला. २४ मे रोजी सकाळी साडेसात ते दुपारी साडेचार गोळीबार थांबला. हर्बर्ट तुर्की बोलत दोन्हीकडच्या माणसांत फिरत राहिला. वेळ संपत आली तेव्हा तुर्की सैनिक हुकूम विचारायला आले ते त्याच्याकडे, म्हणजे शत्रूच्या अधिकाऱ्याकडे! आणि त्यानं ते दिलेही.

पुढची गोष्ट मात्र आपल्याला टोचणारी आहे. इराकमधल्या कुत गावात तुर्कांनी ब्रिटिशांच्या सहाव्या पुणे डिव्हिजनला वेढलं होतं. त्यात मराठा पलटणी होत्या. आत उपासमार. एप्रिल १९१६ मध्ये हर्बर्ट आणि टी. ई. लॉरेन्स (हो, तोच 'लॉरेन्स ऑफ अरेबिया') यांना वाटाघाटीसाठी पाठवलं. सुटकेच्या बदल्यात वीस लाख पौंडांपर्यंत देण्याची ब्रिटिशांची तयारी होती. तुर्कांनी पैसा धुडकावला. २९ एप्रिलला कुत पडलं. काही आजारी-जखमी तेवढे सुटले, बाकीच्यांना वाळवंटातून चालवत नेलं. त्यातले हजारो परतलेच नाहीत. गॅलिपोलीत चाललेली जीभ इथे थिटी पडली.

अल्बानियाच्या लोकांनी त्याला दोनदा राजा व्हायला विचारलं होतं, राव! १९१३ मध्ये त्याला मोहही झाला, पण पंतप्रधान अॅस्क्विथ यांनी मोडता घातला. मुकुट नाही मिळाला, तरी तो अल्बानियासाठी भांडत राहिला.

शेवटी दृष्टी पूर्ण गेली. सगळे दात काढले तर दिसू लागेल, असा सल्ला मिळाला. त्यानं दात काढून घेतले, जंतुसंसर्ग रक्तात भिनला आणि सप्टेंबर १९२३ मध्ये तो गेला. वय ४३. भाऊही त्याच वर्षी गेला होता, म्हणून तुतनखामेनच्या शापाच्या बळींत ऑब्रेचंही नाव घुसडलं जातं. शाप कसला, दातांचा भलता सल्ला!