छप्पर उभारले, मालकी नाकारली

संत गाडगेबाबा म्हटले की, हातातील खराटा आणि डोक्यावरचे फुटके गाडगे डोळ्यांसमोर येते. त्यांनी उभारलेल्या धर्मशाळांकडे मात्र त्यांच्या स्वच्छतेच्या कार्याइतके लक्ष जात नाही. आसरा हातचा जाणे म्हणजे काय, हे तरुणपणीच पाहिलेल्या या माणसाने परक्यांसाठी पक्की छपरे उभारली आणि ती कोणाच्याही खासगी मालकीची होऊ नयेत, याची आयुष्यभर काळजी घेतली. या दक्षतेचे मूळ मूर्तिजापूर तालुक्यातील दापुरे या गावी सापडते.

अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे २३ फेब्रुवारी १८७६ रोजी एका परीट कुटुंबात डेबूजी झिंगराजी जानोरकर यांचा जन्म झाला. वडील दारूच्या व्यसनापायी अकाली गेले आणि आई सखूबाई लहानग्या डेबूला घेऊन दापुरे येथे माहेरी आली. आजोळी गुरे राखता राखता डेबूजी कष्टाळू शेतकरी झाला. मामा चंद्रभानजी यांनी सावकारावर विश्वास ठेवून व्यवहार केला आणि त्या कागदाने घरची शेतजमीन गिळली. मामा या धक्क्याने खचले आणि त्यातच त्यांचा अंत झाला. ताबा घेण्यासाठी आलेल्या सावकाराच्या माणसांना डेबूजींनी शेतातच विरोध केला, असे चरित्रकार सांगतात. १८७५ मध्ये पुणे व नगर भागातील शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले होते. पिढ्यान्‌पिढ्या कसलेली जमीन कागदाच्या एका तुकड्याने परकी होते, हे दुःख तेव्हा गावोगावी होते. डेबूजींनी ते स्वतःच्या घरात सोसले.

१ फेब्रुवारी १९०५ रोजी त्यांनी घर सोडले. अंगावर चिंध्यांचे वस्त्र, एका कानात कवडी, दुसऱ्या कानात फुटक्या बांगडीची काच, अशा वेशात ते गावोगाव फिरले. दिवसा गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनातून कर्ज, दारू, पशुहत्या व अस्पृश्यता यांवर कोरडे ओढायचे, हा त्यांचा क्रम होता. पूर्णा नदीकाठच्या ऋणमोचन येथे यात्रेकरू चिखलात घसरत, म्हणून तेथे त्यांनी लोकांच्या श्रमांतून घाट बांधला. मूर्तिजापूर येथे गोरक्षण व धर्मशाळा उभी राहिली. पाठोपाठ नाशिक, आळंदी, देहू आणि पंढरपूर येथेही धर्मशाळा झाल्या. वारीला जाणाऱ्या दलितांना पंढरपुरात उतरायला जागा मिळत नसे. त्यांच्यासाठी चोखामेळा धर्मशाळा बांधली गेली. मुंबईत उपचारासाठी आलेल्या रुग्णांचे नातेवाईक फुटपाथवर रात्री काढतात, हे पाहून जे. जे. रुग्णालयाजवळ धर्मशाळा झाली. गावात घर असूनही परगावी माणूस बेघर होतो, हे बाबांनी नेमके हेरले होते.

लाखो रुपयांच्या या वास्तूंमध्ये बाबांनी स्वतःसाठी एक खोलीही राखली नाही. पत्नी कुंताबाई ऋणमोचन येथे झोपडीत राहिल्या. संस्थांचा कारभार विश्वस्तांकडे सोपवून, आपल्या वारसांना वा नातलगांना तेथे कोणताही हक्क असणार नाही, अशी तजवीज त्यांनी केली. ज्या कागदाने मामाचे शेत नेले, त्याच कागदाचा आधार घेऊन त्यांनी निराधारांचा आसरा सुरक्षित केला. दात्याची मर्जी फिरली, वारस भांडले किंवा जागेचे मोल वाढले, तरी उतरणाऱ्याला बाहेर काढले जाऊ नये, हा त्यामागचा व्यवहारी विचार होता. पंढरपूरची चोखामेळा धर्मशाळा त्यांनी १९४९ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या हवाली केली. वास्तू जिच्या हाती अधिक उपयोगी पडेल तिच्याकडे जावी, एवढाच त्यांचा निकष होता.

२० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीजवळ वलगाव येथे पेढी नदीच्या पुलाजवळ, प्रवासात असतानाच, बाबांचे निधन झाले. डॉ. आंबेडकरांच्या महापरिनिर्वाणाला तेव्हा जेमतेम दोन आठवडे झाले होते. अमरावती येथे बाबांची समाधी आहे. मूर्तिजापुरात त्यांच्या नावाचे महाविद्यालय उभे आहे आणि मुंबईत दादर येथील त्यांच्या नावाच्या धर्मशाळेत कर्करोगाचे गरीब रुग्ण आसरा घेतात.

शहरांतील जुन्या चाळी आणि सरकारी वसाहती धोकादायक ठरून पाडल्या जात असताना या आयुष्याचा वेगळा अर्थ लागतो. इमारत मोडकळीस आली की, तिथे राहणाऱ्याला जिवाच्या भीतीबरोबर परतण्याच्या हक्काचीही चिंता असते. पाडकामासाठी जागा रिकामी करणाऱ्या भाडेकरूला नव्या इमारतीत जागा मागता यावी, यासाठी महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ मध्ये तरतुदी आहेत. परंतु आपण कोठे, किती जागेत आणि कोणत्या नात्याने राहत होतो, याची नोंद हाती नसेल, तर कायदाही लंगडा पडतो. पाडापाडीपूर्वी ही नोंद पक्की झाली नाही, तर तोंडी आश्वासनांवर विसंबलेले कुटुंब रस्त्यावर येते. आसरा दयेवर सोडायचा नसतो, तो लिहून पक्का करायचा असतो, हे शाळेचे तोंड न पाहिलेल्या गाडगेबाबांनी दापुऱ्याच्या शेतातच ओळखले होते.