दुय्यम भूमिकांतील अव्वल अभिनेत्री : ललिता पवार

चित्रपट पाहून घरी परतणारा प्रेक्षक बोलतो नायक-नायिकेविषयी. पण शेजारी एखादी सासू सुनेला छळू लागली, की त्याच्या तोंडी नाव येते ते ललिता पवार यांचे! आमच्या मंद्रूपमध्येही खाष्ट बाईला याच नावाने ओळखण्याची रीत आहे. एका अभिनेत्रीचे नाव लोकांच्या बोलीत विशेषण होऊन बसावे, याहून मोठी पावती ती कोणती? तरीही ही पावती मला अपुरी वाटते.

ललिताबाई मूळच्या अंबा सगुण. जन्म १८ एप्रिल १९१६ चा, नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. मूकपटांच्या जमान्यात, १९२८ साली, 'राजा हरिश्चंद्र'मध्ये त्यांनी बालवयातच तोंडाला रंग लावला. पुढे त्या नायिका झाल्या. 'हिम्मत-ए-मर्दां'सारख्या धाडसी चित्रपटांतून त्या गाजल्या. एवढेच नव्हे, तर १९३७ सालच्या 'दुनिया क्या है' या बोलपटाची निर्मितीही त्यांनी केली. वयाची पंचविशी गाठण्यापूर्वीच एका मराठी मुलीने मिळवलेले हे यश थोडेथोडके नव्हते.

आणि मग १९४२ साल उजाडले. 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांना त्यांना थप्पड मारायची होती. ती नको तितक्या जोराने बसली. चेहऱ्याच्या एका बाजूची शीर दुखावली, चेहरा लुळा पडला. दीर्घ उपचार झाले; पण डाव्या डोळ्यातील दोष कायमचा राहिला. नायिकेचे दिवस संपले. ऐन उमेदीच्या वयात त्यांना आईच्या, सासूच्या भूमिकांकडे वळावे लागले.

ही हकिगत सांगताना पुष्कळजण म्हणतात, की जे झाले ते बऱ्यासाठीच झाले. त्या थपडेनेच आपल्याला ललिता पवार दिल्या. मला हे पटत नाही. दुखापतीने डोळा बारीक होतो, अभिनय येत नाही! तसे असते तर त्यांना आयुष्यभर केवळ दुष्ट बायकाच साकारता आल्या असत्या. प्रभातच्या 'रामशास्त्री'त (१९४४) त्यांनी आनंदीबाई उभी केली, शांतारामबापूंच्या 'दहेज'मध्ये (१९५०) निर्दय सासू रंगवली, हे खरेच. पण 'श्री ४२०'मधील (१९५५) केळी विकणारी मायाळू बाईही त्यांचीच. आणि 'अनाडी'तील (१९५९) मिसेस डीसा? वरून कडक, आतून लोण्याहून मऊ असलेल्या या घरमालकिणीने त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळवून दिले. डोळा तोच, चेहरा तोच. पण एकदा त्याची भीती वाटते, तर दुसऱ्यांदा त्याच चेहऱ्याच्या कुशीत शिरावेसे वाटते. हे श्रेय थपडेचे नव्हे, ललिताबाईंच्या कष्टांचे आहे. १९६१ साली संगीत नाटक अकादमीने त्यांचा गौरव केला, तो याच कष्टांचा.

१९८७ मध्ये दूरदर्शनवर रामानंद सागर यांची 'रामायण' मालिका सुरू झाली. तेव्हा गावात दूरदर्शन संच मोजकेच होते. ज्याच्या घरी संच, त्याच्या ओसरीपर्यंत रविवारी सकाळी माणसे दाटत, असे माझी आजी सांगते. रामाचे दर्शन होताच हात जोडणाऱ्या बायका मंथरा दिसली की कडाकडा बोटे मोडत. सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाईंना मिळालेली ती खरी दाद होती.

आमच्या स्नेहसंमेलनातील एकांकिकेसाठी पात्रे निवडताना म्हातारीची किंवा कजाग सासूची भूमिका कोणी मागत नाही. सर्वांनाच नायिका व्हायचे असते. सोलापुरात जन्मलेल्या शशिकला यांनीही खलनायिकेच्या भूमिकांतूनच नाव कमावले, याचा आपल्याला विसर पडतो. यंदा मी सासूची भूमिका स्वतःहून मागून घेतली आहे. मैत्रिणी हसल्या, हसू देत!

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंध येथे ललिताबाईंचे निधन झाले. जवळजवळ सात दशके त्या कॅमेऱ्यासमोर वावरल्या, आणि त्यांतील बहुतेक काळ जाहिरातींत त्यांचे नाव नायक-नायिकेच्या खालीच छापले गेले. पण त्या काळच्या कितीतरी नायिकांची नावे आज आठवावी लागतात. ललिता पवार हे नाव आठवावे लागत नाही.