कीर्तनकाराचा भाऊ तमाशात रमला, अन् पुढं त्याच्यावरच्या सिनेमानं लावणी पडद्यावर गाजवली

मराठी सिनेमात ढोलकी कडाडली की आता लावणी येणार, हे प्रेक्षकाला सांगावं लागत नाही. ही वाट रुळवण्यात १९४७ च्या 'लोकशाहीर राम जोशी'चा मोठा वाटा आहे. हे राम जोशी सोलापूरचे.

काळ पेशवाईच्या उत्तरार्धाचा. जोशींचं घर शास्त्री-पुराणिकांचं. थोरले बंधू मुद्गल जोशी कीर्तन करायचे, धाकट्या रामचे पाय मात्र तमाशाच्या फडाकडं वळायचे. ब्राह्मणाचा मुलगा तमाशात बसतो, हे त्या काळी घराला झेपणारं नव्हतं. भावानं त्याला बाहेर काढलं.

राम जोशी पंढरपूरला गेले, संस्कृत शिकले आणि कीर्तनकार झाले. पण लावणी काही सुटली नाही. उलट संस्कृतातली शब्दकळा आणि अनुप्रास त्यांच्या लावणीत उतरले. बारामतीच्या मोरोपंतांशी त्यांचा स्नेह जुळला, दुसऱ्या बाजीरावाच्या दरबारी मान मिळाला. १८१२ च्या सुमारास ते गेले.

त्यानंतर सव्वाशेहून अधिक वर्षांनी 'राजकमल'नं त्यांच्यावर सिनेमा काढला. दिग्दर्शनाला बाबूराव पेंटर आणि व्ही. शांताराम, लेखणी गदिमांची, संगीत वसंत देसाईंचं. जयराम शिलेदार राम जोशी झाले, तर नर्तकी बया साकारली हंसा वाडकर यांनी.

अडचण होती ती नाच टिपण्याची. फडात दाद मिळाली की नाचणारी तीच ओळ नव्या अदेनं पुन्हा घेते, अन् ढोलकीवाला तिच्या पायांकडं बघत ठेका बदलतो. कॅमेऱ्यापुढं हे चालत नाही. गाणं मोजक्या मिनिटांचं, नाच तुकड्या-तुकड्यांत. हात, नजर, पाय मागच्या शॉटशी जुळलेच पाहिजेत. फायदा एकच, मागच्या रांगेला कधीच न दिसणारी भुवईची हालचाल क्लोजअपमध्ये सगळ्यांना दिसते.

सिनेमा गाजला आणि तमाशापटांची लाट आली. १९५९ चा 'सांगत्ये ऐका' आणि १९७२ चा 'पिंजरा' हे त्याच वाटेवरचे.

थोडक्यात, ज्या नादापायी राम जोशींचं घर सुटलं, तोच नाद लोक तिकीट काढून बघू लागले. पण पडद्यावरच्या लावणीला जी प्रतिष्ठा मिळाली, ती फडात रात्रभर नाचणाऱ्या बाईच्या वाट्याला सहजी आली नाही.