मल्लवीर कै. खाशाबा जाधव

कोल्हापूर आणि कुस्ती यांचें नातें आमच्या विद्यार्थ्यांस नव्यानें सांगावयास नको. राजर्षि शाहू छत्रपतींनीं बांधविलेलें खासबागेचें मैदान व पेठापेठांतील तालमी त्या नात्याची साक्ष देतात. परंतु याच तांबड्या मातींत तयार झालेल्या एका विद्यार्थ्यानें स्वतंत्र भारतास ऑलिंपिक सामन्यांतील पहिलें वैयक्तिक पदक मिळवून दिलें, व तो विद्यार्थी येथील राजाराम कॉलेजांत शिकत होता, ही गोष्ट पुष्कळांस केवळ सामान्यज्ञानाच्या प्रश्नापुरतीच ठाऊक असते. त्याच्या चरित्रांत त्याहून अधिक घेण्यासारखें आहे असें वाटल्यावरून तें थोडक्यांत येथें देत आहों.

खाशाबा दादासाहेब जाधव यांचा जन्म १५ जानेवारी १९२६ रोजीं सातारा जिल्ह्यांत कराडजवळच्या गोळेश्वर या खेड्यांत झाला. वडील दादासाहेब हे स्वतः पैलवान होते. पांच भावांत खाशाबा सर्वांत धाकटे. घरांतच वस्ताद लाभल्यामुळें अक्षरओळख आणि आखाड्याची ओळख त्यांस जवळजवळ एकाच वेळीं झाली. १९४० ते १९४७ पर्यंत ते कराडच्या टिळक हायस्कुलांत होते. १९४२ च्या चळवळींत भूमिगत कार्यकर्त्यांस आसरा देण्याच्या कामीं त्यांनींही आपल्या परीनें हातभार लावला.

पुढें ते कोल्हापुरास राजाराम कॉलेजांत आले. अंगलट किरकोळ, उंची बेताची. पाहणाऱ्यास हा मुलगा पैलवान वाटूं नये. कॉलेजच्या वार्षिक क्रीडास्पर्धेंत कुस्तीसाठीं त्यांचें नांव घेण्यास याच कारणानें प्रथम नकार मिळाला, अशी आठवण सांगतात. खाशाबांनीं वाद घातला नाहीं कीं रुसून बसले नाहींत. ते सरळ प्राचार्यांकडे गेले व एक संधि मागितली. ती मिळाली, आणि आपल्याहून दांडग्या गड्यांस चीत करून त्यांनीं ती सार्थ केली.

१९४८ सालीं लंडन येथें ऑलिंपिक सामने भरले. त्या प्रवासाचा खर्च कोल्हापूरच्या महाराजांनीं दिला. तोंपर्यंत खाशाबांची सर्व तयारी मातींतली. मातींतल्या कुस्तींत प्रतिस्पर्ध्याची पाठ जमिनीस लागली कीं निकाल झाला. तेथें दम आणि पकड यांस मोल. गादीवरच्या कुस्तींत मिनिटांचा हिशेब, गुणांचा हिशेब आणि परक्या भाषेंतले नियम. रीस गार्डनर या परदेशी प्रशिक्षकानें त्यांस थोडे दिवस शिकविलें, आणि एवढ्या तुटपुंज्या शिदोरीवर ते ५२ किलो वजनाच्या गटांत उतरले. ऑस्ट्रेलिया व अमेरिका येथील मल्लांस त्यांनीं हरविलें, इराणच्या मल्लाकडून ते हरले, व अखेर सहावें स्थान त्यांच्या वांट्यास आलें.  परत आल्यावर पुढच्या चार वर्षांच्या मेहनतीस त्यांनीं त्याच दिवशीं आरंभ केला म्हटलें तरी चालेल. ढाक हा त्यांचा हातखंडा डाव; तो त्यांनीं गादीवरही तितकाच चपळ करून घेतला.

१९५२ च्या हेलसिंकी सामन्यांची वाट मात्र सोपी नव्हती. मद्रास येथील राष्ट्रीय स्पर्धेंत एका गुणानें त्यांस मागें टाकण्यांत आलें. हा निर्णय न्यायाचा नाहीं असें वाटल्यावरून त्यांनीं पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली, आणि पुन्हां झालेल्या चांचणींत प्रतिस्पर्ध्यास चीत केलें, अशी हकीकत आहे. निवड झाली, पण प्रवासाचा पैसा कोठून आणावयाचा? गोळेश्वरच्या गांवकऱ्यांनीं जमेल तशी वर्गणी दिली. तरीही तूट राहिली. तेव्हां राजाराम कॉलेजचे माजी प्राचार्य बॅ. बाळासाहेब खर्डेकर यांनीं आपलें घर गहाण ठेवून ७,००० रुपये उभे केले. त्या काळीं ही रक्कम लहान नव्हती, आणि पदक मिळेल असें कोणीं लिहून दिलें नव्हतें. एका शिक्षकानें आपल्या विद्यार्थ्याच्या मनगटावर घर पणाला लावलें, एवढाच याचा अर्थ.

हेलसिंकी येथें खाशाबा ५७ किलोच्या गटांत खेळले. कॅनडा, मेक्सिको व जर्मनी येथील मल्लांस त्यांनीं हरविलें. जपानचा इशी व रशियाचा मामादबेयोव यांच्याशीं मात्र त्यांचें चाललें नाहीं. इशीबरोबरची दीर्घ झुंज संपते न संपते तोंच त्यांस दुसऱ्या कुस्तीसाठीं पाचारण झालें. नियमाप्रमाणें मिळावयाची अर्ध्या तासाची विश्रांति मागून घेण्यास आपल्या पथकांतील एकही अधिकारी तेथें हजर नव्हता, असें सांगितलें जातें. इशीस सुवर्णपदक मिळालें. महायुद्धानंतरचें जपानचें तें पहिलेंच सुवर्ण होय. मामादबेयोवला रौप्य, आणि २३ जुलै १९५२ रोजीं खाशाबांस कांस्यपदक मिळालें. भारताच्या दुसऱ्या खेळाडूस वैयक्तिक पदक मिळण्यास पुढें १९९६ साल उजाडावें लागलें, व कुस्तींत तर २००८. यावरून त्या कांशाच्या तुकड्याचें मोल ध्यानांत येईल.

ते परतले तेव्हां कराड स्टेशनापासून गोळेश्वरापर्यंत १५१ बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. एरवीं पाव तासाच्या वाटेस त्या दिवशीं सात तास लागले. परंतु आम्हांस त्या मिरवणुकीपेक्षां त्यानंतरची गोष्ट मोठी वाटते. गळ्यांतले हार सुकतात न सुकतात तोंच खाशाबांनीं कोल्हापुरांत कुस्त्यांचे फड भरविले, स्वतः लढले, आणि जमलेल्या पैशांतून खर्डेकर यांचें ऋण फेडलें. गुरूचें घर मोकळें झालें.

१९५५ मध्यें ते पोलीस खात्यांत सब-इन्स्पेक्टर झाले. गुडघ्याच्या दुखापतीनें पुढच्या ऑलिंपिकची आशा मावळली. परंतु आखाडा सुटला नाहीं. खात्याच्या स्पर्धा त्यांनीं जिंकल्या, आणि क्रीडाशिक्षक या नात्यानें तरुणांस तयार करण्याचें काम पत्करलें. ज्यास स्वतःला गादीचे नियम समजावून देणारा माणूस थोड्या दिवसांपुरताच लाभला होता, आणि अखेरच्या घटकेस ज्याच्या बाजूनें बोलावयास कोणी नव्हतें, तो आतां दुसऱ्यांच्या पाठीशीं उभा राहिला. खेळाडूचा शिक्षक होतो तो असा.

सत्तावीस वर्षांच्या नोकरीनंतर ते असिस्टंट पोलीस कमिशनर म्हणून निवृत्त झाले. १९८२ च्या दिल्ली येथील आशियाई सामन्यांत क्रीडाज्योत वाहून नेणाऱ्यांत त्यांस स्थान मिळालें, ही समाधानाची गोष्ट. परंतु निवृत्तिवेतनासाठीं त्यांस झगडावें लागलें, व उतारवय ओढग्रस्तींत गेलें. १४ ऑगस्ट १९८४ रोजीं रस्त्यावरील अपघातांत त्यांचा अंत झाला. सन्मान आले ते मागाहून : २००० सालचा अर्जुन पुरस्कार, आणि २०१० मध्यें दिल्लींतील कुस्तीच्या क्रीडागृहास त्यांचें नांव. ज्याच्यासाठीं एका प्राचार्यानें घर गहाण ठेवलें, त्याच्यासाठीं देशानें वेळेवर अर्जाचा एक कागद हलवूं नये, याची खंत आम्हांस वाटते.

विद्यार्थिबंधूंनो, खाशाबांसारखें बळ प्रत्येकास लाभेलच असें नाहीं. परंतु नकार मिळाल्यावर पुन्हां एकदां दार ठोठावणें, आणि घेतलेलें ऋण न विसरणें, या दोन गोष्टींस मोठी छाती लागत नाहीं. आणि आम्हां शिक्षकांसही हें चरित्र एक प्रश्न विचारतें. वर्गाच्या मागच्या बांकावर बसलेला किरकोळ अंगाचा मुलगा उद्यां आपलें नांव घाला म्हणून समोर उभा राहिला, तर यादींत तें लिहून घेण्यास आमचा हात पुढें होईल काय? खेळांच्या याद्या करतांना या वर्षीं आम्ही हें स्मरणांत ठेवणार आहों.